उतर म्हणेपर्यंत

मी किती जेवले हे आमच्या घरात आईच्या आधी अंगणातल्या शूटिंगच्या क्रेनला कळायचं. सकाळी मी पुढच्या सीटवर बसले की बाबा मागच्या डब्यात लोखंडाच्या पट्ट्या रचत जायचे, आणि शेवटची लहान पट्टी हातात धरून थांबायचे. तो लांब लोखंडी हात माझ्यासकट जमिनीपासून हलकेच सुटला आणि ना वर ना खाली असा राहिला, की तोल जमला. एखाद्या दिवशी शेवटची पट्टी ठेवूनही मी जमिनीलाच चिकटून राहायची. मग बाबा मागून ओरडायचे, "काल रात्री भात जास्त खाल्ला का वो निमा?" अगदी सहज, नळाला पाणी आलं का असं विचारावं तसं. फाटकाबाहेर ट्रकवाले चहा पीत उभे असायचे. त्यातला एखादा हसायचा. मी पदर सारखा करायची आणि समोरच्या भिंतीकडे बघत राहायची.

आमचं घर रायपूरला, भनपुरीत, ट्रकांच्या रस्त्यापासून जरा आत. दोन खोल्या, पुढे मोठं अंगण, अंगणाला पत्र्याचं फाटक. बाबा आधी ट्रकच्या बॉड्या बांधायचे. दिवसभर हातोडा आणि कानशीचा आवाज, संध्याकाळी आई झाडायला निघाली की झाडूबरोबर लोखंडाचा कीस निघायचा. तव्यावरच्या भाकरीलाही कधीकधी जळालेल्या लोखंडाचा वास यायचा, निदान मला तसं वाटायचं. आई जवसाची चटणी कुटायची, बेसन करायची, आणि उन्हाळ्यात शेजारच्या बायकांचं बघून रात्रीच्या भातात पाणी घालून सकाळी बासी द्यायला लागली होती. बाबांना ते आवडत नसे. "आपण गोंदियाकडचे लोक," म्हणायचे, आणि दोनदा मागून घ्यायचे.

माझी चौथीपर्यंतची शाळा मामाच्या गावी झाली, मराठीतून. मग आईबाबांनी मला रायपूरला आणलं. इथल्या शाळेत सगळं हिंदीतून. पहिल्याच दिवशी बाईंनी मला उभं करून काहीतरी विचारलं, मला उत्तर येत होतं, पण कोणत्या भाषेत सांगायचं ते कळेना, आणि मी उभीच राहिले. वर्ग हसला. घरी येऊन मी सांगितलं की मी जाणार नाही, आणि मला वाटलं होतं की कोणीतरी रागावेल, ओढून नेईल. कोणी रागावलं नाही. आईला घरात हात हवा होता. आता कधीकधी मनात येतं, त्या दिवशी कोणी दोन थपडा दिल्या असत्या तर बरं झालं असतं. पण त्या वेळी मला सुटल्यासारखं वाटलं होतं. घरात राहणं म्हणजे सुटणं नव्हे हे कळायला पुष्कळ दिवस लागले.

रायपूर राजधानी झालं त्या काळची ही गोष्ट. दुकानांच्या पाट्यांवरचं जुन्या राज्याचं नाव पुसून नवं रंगवत होते, आणि आमच्या रस्त्यानं लाल दिव्याच्या गाड्या जायला लागल्या होत्या. तेव्हाच छत्तीसगढी सिनेमे निघायचं खूळ आलं. समता कॉलनीतले एक सेठ, सळ्या-पत्र्याचा धंदा करायचे, त्यांनाही सिनेमा काढायचा होता. मुंबईहून क्रेन भाड्यानं आणली तर ट्रकचं भाडं, बरोबरच्या माणसांची राहणी-खाणी, सगळं अंगावर येत होतं. ते बाबांना म्हणाले, "भैया, तुम ट्रक बना लेते हो, ये तो एक डंडा है." बाबा कुठेतरी शूटिंगवर जाऊन दिवसभर ती मुंबईची क्रेन बघत बसले. घरी येऊन त्यांनी अंगणातल्या फरशीवर खडूनं तिचं चित्र काढलं. आई त्यावरून पाय टाकून जाऊ लागली तर ओरडले. पावसाची सर येऊन चित्र वाहून गेलं तोवर क्रेन त्यांच्या डोक्यात पक्की बसली होती.

ज्यांनी बघितली नाही त्यांच्यासाठी सांगते. बागेत पोरांचा सी-सॉ असतो, एक पोर या टोकाला, दुसरं त्या टोकाला, तशीच ती. मध्ये चाकांच्या गाड्यावर खांब, खांबावर आडवा लोखंडी हात. पुढचं टोक लांब, तिथे सीट आणि सीटपुढे कॅमेरा. मागचं टोक आखूड, तिथे वजनांचा डबा. दोन्ही बाजू तोलल्या की एका माणसानं नुसता हात लावला तरी कॅमेरा आणि माणूस झाडाच्या शेंड्याइतके वर जातात. आणि तिचा नियम एकच. सीटवर बसलेल्यानं आपल्या मनानं उतरायचं नाही. पुढचं टोक जमिनीला टेकलं, मागचा डबा डोक्याच्या वर गेला, तरी उतरायचं नाही. मागचा माणूस एकेक पट्टी काढून ठेवणार, डबा रिकामा करणार, आणि मग म्हणणार, "उतर." त्याआधी सीटवरचं माणूस उठलं तर मागचा सगळा भार धाडकन खाली येतो, आणि खाली जो असेल तो संपला.

बाबांचा पाय असाच गेला. राजिमकडे नदीच्या वाळूत शूटिंग होतं. सेठजींचे एक पाहुणे हौसेनं सीटवर बसले होते. नवीनच मोबाईल घेतलेला, तो वाजला, आणि ते फोनवर बोलत बोलत उठून चालायला लागले. बाबा मागे डब्याखाली बसून कसलातरी नट आवळत होते. अंग मागे घेतलं, डावा पाय राहिला. पाय बरा झाला पण वाकडा झाला. तेव्हापासून ते झोका देत चालायचे.

घरी परत आल्यावर ते पडून होते, आणि मनराखन काका, जे त्यांच्या हाताखाली वजनं उचलायचे, ते पायाशी बसले होते. काका इथलेच, बाबांच्या वयाचे, गप्प माणूस. म्हणाले, "सांकळ बांध देबो भैया, सामने ला. फेर कोनो उतरय के झन उतरय." साखळीनं पुढचं टोक बांधून टाकू, मग कोणी उतरो की न उतरो.

बाबा म्हणाले, "साखळी तुटते." मग माझ्याकडे बघून म्हणाले, "निमा बसन. ही पोट्टी सांगितल्याबिगर हालत नाही."

माझं कौतुक म्हणावं असं वाक्य बाबांनी मला फार वेळा म्हटलं नाही. हे एक म्हटलं. मला किती बरं वाटलं होतं ते अजून आठवतं.

मग ते रोजचंच झालं. क्रेन शूटिंगवर गेली नसली की अंगणात उभी असायची आणि बाबा तिच्यात काहीतरी बदल करत असायचे. "निमा, ये वो, पाच मिनटं." पाच मिनिटांचे दोन तास व्हायचे. माझं तोंड फाटकाकडे, बाबा पाठीमागे. मान वळवली तर तोल हलायचा म्हणून मानही वळवायची नाही. मागचं सगळं मी आवाजावरून ओळखायची. टक-टक म्हणजे डब्याची पिन ठोकणं. कर्र म्हणजे कानस. फस्स म्हणजे वेल्डिंगची काडी लागली. मध्येच बाबा खोकायचे. आईनं एकदा माझ्या मांडीवर सूप ठेवलं, "बसलीच हायेस तर तांदूळ निवड." बाबा मागून ओरडले, "सूप काढ वो, वजन येते त्याचं!" आई म्हणाली, "मग पोरीचे केसही कापून टाका, त्यायचंही येत असन." आणि सूप उचलून पाय आपटत आत गेली.

गोणपाटात वाळू भरून सीटवर ठेवा, असं आईनं किती वेळा सांगितलं. बाबांचं म्हणणं, गोण श्वास घेत नाही. कॅमेरामॅन वाकतो, वळतो, श्वास घेतो, हात जिवंत माणसाबरोबर कसा चालतो ते बघावं लागतं. ते खरंच असेल. बाबांची क्रेन कधी थरथरली नाही, असं लोक अजून म्हणतात. सिनेमा लागला की बाबा बघायला जायचे, पण गोष्ट त्यांना माहीत नसायची. एकदा मला आणि आईला घेऊन गेले. हिरोईन रडत होती, आई डोळे पुसत होती, आणि बाबा माझ्या कानात म्हणाले, "पाह्य, आता उचलली. समजलं का काही?" मला समजलं होतं. पडद्यावर तलाव हळूहळू मोठा होत गेला, बाई बारीक झाली, आणि त्या जागी मला आमची समोरची भिंत दिसली.

गोंदियाचं स्थळ मामानं सुचवलं. मुलगा रेल्वेत, लहानसं क्वार्टर, घरात आई आणि तो. मी त्याचा फोटोही बघितला नव्हता. पण क्वार्टर हा शब्द मी दिवसभर मनात घोळवायची. एक खोली, तिला दार, दार आतून लावता येईल. आपण किती जेवलो ते कोणी ओरडून विचारणार नाही. आज माझा मुलगा विचारतो, आई, तेव्हा तुला काय हवं होतं? मी त्याला सांगते, काही नाही. त्याला ते एवढंसं वाटेल. मला मात्र ते लग्न इतकं हवं होतं की मी रात्री आईजवळ झोपून तिची साडी मुठीत धरायची, आणि तिला वाटायचं मला भीती वाटते आहे.

बाबांना आईनं सांगितलं तेव्हा ते पाय तेल लावून चोळत होते. "गोंदियाले?" म्हणाले. मग, "म्हणजे इथं मग..." आणि तळहातावर आणखी तेल घेतलं.

पाहुणे दुपारी चारच्या गाडीनं येणार होते. आईनं सकाळपासून घर धुतलं. पोह्यांवर घालायला चण्याचा रस्सा केला, नागपूरकडे करतात तसा, झणझणीत. मला तिची जांभळी साडी नेसवली. मी शेजारच्या घरच्या आरशात बघून आले. पोहे वाढून झाल्यावर ट्रे घेऊन कसं जायचं, कोणाच्या पाया आधी पडायचं, चालून दाखवायला सांगितलं तर कुठे वळायचं, हे आईनं मला दोनदा करून दाखवलं. मी तिच्यामागून चालले, आणि आम्ही दोघी हसलो. आईला असं हसताना मी पुष्कळ दिवसांत बघितलं नव्हतं.

"निमा," अंगणातून बाबांची हाक आली. "ये वो, पाच मिनटं."

आई म्हणाली, "आज? या वक्ताले?"

"उद्या सकाळी गाडी भरायची हाये. पिन पाहायची हाये फक्त. पाहुणे यायच्या आधी होऊन जाते."

मनराखन काकांना त्यांनी रस्त्यावरच्या नळापलीकडे कुठेतरी ग्रीस आणायला पाठवलं होतं. मी जांभळ्या साडीच्या निऱ्या गोळा करून सीटवर बसले. बाबांनी पट्ट्या भरल्या. तोल जमला, मी वर सुटले, मग त्यांनी मला पुन्हा जमिनीला टेकवलं आणि म्हणाले, "हालू नको. मी खाली हावो." त्यांच्या चपला फरशीवर घासल्या, ते वाकले, डब्याखाली बसले. टक, टक. मग थांबलं.

मी वाट बघत होते पुढच्या आवाजाची. टक नाही, कानस नाही. बाबा थकले असतील, घाम पुसत असतील. शेजारच्या गल्लीत कोणीतरी ट्रकचा पत्रा घासत होतं, तो आवाज थांबला की मी कान देऊन ऐकायची. मागे फक्त बाबांचा श्वास ऐकू यायचा, एका जागी बसलेल्या माणसाचा. "झालं का बाबा?" मी विचारलं. "अडकली," ते म्हणाले.

फाटक उघडलं. मुलाची आई पुढे, हिरवं लुगडं, हातात पिशवी, आणि मागे मुलाचे काका. त्यांच्यासमोर अंगणाच्या मधोमध मी, जांभळी साडी नेसून, एका लोखंडी खुर्चीवर, दोन्ही हात दांडीवर ठेवून बसलेली. बाई थबकल्या. मी उठून उभी राहीन म्हणून त्यांनी वाट बघितली. मी उठले नाही.

आई पदरानं हात पुसत धावत आली. "या, या न, आत या." मग माझ्याकडे बघून खालच्या आवाजात, "उठ न वो!"

"बाबा खाली हाये," मी म्हटलं. माझा आवाज इतका बारीक निघाला की पाहुण्यांना ऐकू गेला नसणार. आईनं मागे डब्याकडे बघितलं आणि ती जागीच थांबली. आता तिलाही मला उठ म्हणता येत नव्हतं.

"या, बसा बसा!" मागून बाबांचा आवाज आला. "आलोच मी! पिन अडकली हाये."

बाईंनी आवाज कुठून आला ते शोधलं. मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "ही सिनेमात काम करते का?"

"नाही वो बाई," आई म्हणाली. "ते हिच्या बाबाचं काम हाये. पोरीनं वजन धरलं हाये."

"आमी येऊन राहिलो हे माहीत नव्हतं का?"

"माहीत होतं," आई म्हणाली, आणि डब्याकडे वळून, "अहो, निघा न बाहेर!"

"पिन सोडली तं डोक्यावर येईन सगळं!" बाबा म्हणाले.

पाहुणे आत जाऊन बसले. आईनंच ट्रे नेला. मला आतलं दिसत नव्हतं, खिडकी उघडी होती म्हणून ऐकू येत होतं. आई भराभर बोलत होती, मी काय काय करते, भाकरी कशी थापते. मुलाच्या काकांना रस्सा तिखट लागला, ते शिंकले. मग बाई बाहेर आल्या आणि माझ्यासमोर उभ्या राहिल्या. जवळून बघितलं तर त्यांचा चेहरा वाईट नव्हता. थकलेला होता, प्रवासाचा.

"नाव काय पोरी?"

"निर्मला."

"उभी राह्य बरं जरा. दोन पावलं चाल."

मला सांगायचं होतं की मावशी, मला चालता येतं, मी आत्ता आईमागून चालून बघितलं आहे, मी उठले तर माझे बाबा मरतील. हे सगळं वाक्य माझ्या तोंडात तयार होतं, आणि मी शाळेत उभी राहिले होते तशीच बसून राहिले. फक्त मान हलवली. नाही.

त्यांनी माझ्या पायांकडे बघितलं. साडीच्या खाली फक्त अंगठे दिसत होते. मग त्यांनी मागून बाहेर आलेल्या मुलाच्या काकांकडे बघितलं. काका म्हणाले, "चला, गाडीची वेळ होते." आई फाटकापर्यंत त्यांच्यामागे गेली. मी तिला हात जोडताना बघितलं.

फाटक लागलं. मग मागे चपला घासल्या. बाबा उठले, पट्ट्या काढायला लागले. शेवटी ते म्हणाले, "उतर." मी उतरले. पायाला मुंग्या आल्या होत्या, मी दोन पावलं खरंच लंगडत गेले, आणि आई माझ्याकडे बघून तोंडाला पदर लावून आत निघून गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी गाडी भरताना मनराखन काकांनी डब्याखाली हात घातला. पिन त्यांच्या दोन बोटांत आली. त्यांनी ती वर धरून बघितली, पुसली, परत घातली, परत काढली. "ए तो बने हे भैया," म्हणाले. "कहाँ अटके रिहिस?" ही तर ठीक आहे, कुठे अडकली होती? बाबा म्हणाले, "काल अडकली होती." काका माझ्याकडे बघणार होते, मग त्यांनी नजर वळवली. मी चुलीसाठी लाकडं उचलत होते. मी लाकडं उचलून आत नेली.

मामाचा निरोप आला. पोरीच्या पायात खोट आहे, असं गोंदियाला म्हणतात. बापाचा पाय तसा, पोरीचाही तसा, म्हणून बसवून ठेवली होती, झाकायला. मामा रागावला होता, त्यानं तिथे भांडणही केलं. पण नात्यातल्या घरांत अशी गोष्ट एकदा शिरली की निघत नाही. पुढे एक स्थळ दुर्गहून येणार होतं, ते आलंच नाही. आईनं बाबांना एक शब्द विचारला नाही. ती त्यांना वाढायची, पाणी द्यायची, आणि भिंतीशी बोलावं तशी बोलायची, "भात उरला हाये." मी सकाळी हाक आली की जाऊन बसायची. पाच मिनटं. समोर फाटक. मागे आवाज. बाबा आता भाताबद्दल विचारत नव्हते. तोल बिघडला तर गपचूप पट्टी बदलायचे. ते मला जास्त जड जायचं.

मुलगा परवा मला फोनवर दाखवत होता, आता कॅमेरा आपोआप उडतो, खाली कोणी बसत नाही. म्हटलं, बरं आहे. माझं लग्न त्यानंतर काही वर्षांनी राजनांदगावला झालं, माणूस चांगला होता, ते सगळं वेगळं आहे. मी लिहायला बसले ते त्या एका सकाळसाठी.

नवा कॅमेरामॅन आला होता, अंगानं भारी, बाबांएवढा. बाबांना सीटचे बोल्ट नव्यानं आवळून बघायचे होते, आणि माझ्या वजनानं ते कळणार नव्हतं. म्हणून ते स्वतःच बसले. मी आणि मनराखन काकांनी पट्ट्या भरल्या. बाबांनी वर जाऊन अंग हलवून बघितलं, खूश झाले. काकांनी त्यांना खाली टेकवलं. तेवढ्यात रस्त्यावर क्रेनचा गाडा सरकवायच्या पटरीचे पाइप घेऊन गाडी आली, ड्रायव्हर भोंगा वाजवायला लागला. काका मला म्हणाले, "तैं निकाल दे नोनी, मैं आवत हौं." तू वजनं काढ, मी येतो. आणि गेले. जाताना त्यांनी फाटक उघडंच ठेवलं.

"चल, काढ," बाबा म्हणाले. त्यांचं तोंड फाटकाकडे, पाठ माझ्याकडे. मानेवर पांढरे केस, सदऱ्यावर घामाचा डाग. मी त्यांना मागून असं कधी बघितलं नव्हतं. नेहमी मीच पुढे असायची.

मी पट्टी काढली नाही. मी वाकले आणि डब्याखाली जाऊन बसले.

"निमा? काढून राहिली न?"

"बाबा, मी खाली हावो."

त्यांच्या हाताची पकड दांडीवर घट्ट झाली, ती लोखंडातून मला कळली. सगळा लोखंडी हात थोडासा थरथरला आणि थांबला. "खाली काय करून राहिली? बाहेर हो."

"त्या दिवशी पिन अडकली होती का?"

"कोणत्या दिवशी?"

मी बोटानं पिनवर टक-टक केलं.

"मजाक करून राहिली का वो पोट्टी? बाहेर निघ आधी. डबा हाये डोक्यावर तुह्या!" ते ओरडले. मग लगेच हळू झाले, जसं ओरडल्यानंही तोल जाईल. "निमा. बाहेर निघ बेटा. मग सांगतो."

"आता सांगा."

ड्रायव्हर बाहेर हसत होता, पाइप एकमेकांवर पडल्याचा आवाज येत होता. माझ्या डोक्यावर सगळ्या पट्ट्या होत्या, मी त्यांच्याकडे बघितलंच नाही. मला भीती वाटत नव्हती असं नाही. पण मला माहीत होतं की बाबा उठणार नाहीत. त्यांनाही त्या दिवशी माझ्याबद्दल हेच माहीत होतं.

"नव्हती," बाबा म्हणाले.

मग म्हणाले, "तू गेली तं मी कोणाच्या भरवशावर खाली बसू?"

मी डब्याखालून निघाले. स्टूल ओढलं आणि वरची लहान पट्टी आधी, मग तिच्याखालची, अशी एकेक काढून फरशीवर ठेवली. घाई केली नाही. शेवटची मोठी पट्टी मला दोन्ही हातांनी पोटाशी धरून उतरवावी लागली. डबा रिकामा झाला.

"उतरा," मी म्हटलं.

ते उतरले नाहीत. "तू बाजूले झाली का?" त्यांनी विचारलं. मागचं त्यांना दिसत नव्हतं.

मी त्यांच्या बाजूनं पुढे आले, त्यांच्यासमोरून चालत गेले. सरळ, दोन्ही पाय नीट टाकत, फाटकापर्यंत, आणि फाटकाबाहेर रस्त्यावर, जिथे मी आईबरोबर असल्याशिवाय कधी गेले नव्हते. ट्रकवाले बाजूला झाले. कुठे जायचं ते ठरलेलं नव्हतं, म्हणून मी नळापर्यंत गेले आणि तिथल्या बायकांमध्ये उभी राहिले. वळून बघितलं तर उघड्या फाटकातून बाबा दिसत होते, डबा रिकामा असलेल्या क्रेनच्या सीटवर, दोन्ही हात दांडीवर, अजून बसलेले.